निम्मं फिटलं

५ मार्च, सकाळी ८.४०
साठावा हप्ता गेला! बँकेचा मेसेज आला तेव्हा दात घासत होतो. तसाच बेडरूममध्ये जाऊन कपाटाच्या दारामागच्या गुलाबी कार्डावर साठाव्या चौकटीत ‘पेड’चा शिक्का मारला. कार्ड आमच्या फर्निचरच्या दुकानातलंच, गिऱ्हाइकांना हप्त्यांसाठी देतो ते. दुकानाच्या कार्डावर चौकटी बारा, घराचे हप्ते दोनशे चाळीस, म्हणून वीस कार्डं चिकटवावी लागली. शिक्काही दुकानातलाच आहे, परत न्यायचा राहिलाय.
हिशेब: हप्ता ३५,९८९. गुणिले साठ. २१,५९,३४०. कर्ज चाळीस लाख. म्हणजे निम्म्याहून जास्त फिटलं, तेही पाच वर्षांत! लोक गृहकर्जाच्या नावाने उगाच बोटं मोडतात. लोकांना गुणाकार येत नाही, दुसरं काय.
हिला सांगितलं. घर घेतलं तेव्हा शब्द दिला होता की कर्ज निम्मं झालं की तू लॅबची नोकरी सोडायची. एकोणीस वर्षं उभं राहून लोकांचं रक्त काढतेय, गुडघ्यांची पार वाट लागलीय. खरंच का, असं तिने दोनदा विचारलं. मी कार्ड दाखवलं. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. माझ्याही आलं असतं, पण तोंडात टूथपेस्ट होती.

५ मार्च, दुपारी (दुकानात, गिऱ्हाईक नाही)
प्लॅन. बँकेत जाऊन हप्ता निम्मा करून घ्यायचा. आमच्याकडे पद्धतच आहे, निम्मं फिटलं आणि गिऱ्हाईक जुनं असलं की मालक पुढचा हप्ता निम्मा करून देतात. बँक काय वेगळी असणार? पाच वर्षांत एक हप्ता चुकला नाही माझा.
हिचा पगार सव्वीस हजार बंद. हप्त्यातले अठरा हजार वाचणार. उरले आठ हजार, ते काटकसरीतून. आजपासून बाहेरचा चहा बंद.

५ मार्च, ४.१५
चहा प्यायलो. मालकांनी पाजला, त्यामुळे धरत नाही.

६ मार्च
मेव्हण्याचा फोन. हिने बातमी दिलेली दिसते. हा एका ऑफिसात अकाउंट्स बघतो आणि जेवतानाही पॉइंटनंतरचे दोन आकडे सांगतो. अभिनंदन राहिलं बाजूला, मुद्दल किती शिल्लक आहे ते विचारायला लागला. अठरा लाख चाळीस हजार, असं मी ठणकावून सांगितलं. मग हा आकडा बँकेच्या स्टेटमेंटमधला आहे की कपाटाच्या दारावरचा, असं विचारलं त्याने.
जळतो. अजून भाड्याच्या घरात राहतो बिचारा.

९ मार्च
हिने राजीनामा दिला! एक महिन्याची नोटीस, ९ एप्रिल शेवटचा दिवस. संध्याकाळी कांदा चिरताना गुणगुणत होती. सतरा वर्षांच्या संसारात पहिल्यांदा ऐकलं. आवाज बरा आहे.
बँकेत आधी जाऊन यायचं होतं का, असं तिने सहज विचारलं. ती नुसती फॉर्मॅलिटी आहे, असं मी म्हणालो.

११ मार्च
संकल्प: या आठवड्यात बँक. हप्ता निम्मा करण्याचा अर्ज लिहिला. सुरुवात झकास झाली आहे. ‘आपल्या व माझ्या पाच वर्षांच्या मधुर संबंधांना स्मरून’.

१३ मार्च
गाद्यांचा ट्रक आला. बँक नाही.

१६ मार्च, सोमवार
बँकेत गेलो. टोकन ८४, चालू होतं ३१. एका जागी बसून वेळ फुकट घालवणं माझ्या स्वभावात नाही. समोरच्या सोफ्याची स्प्रिंग गेलेली होती, ते वॉचमनला सांगितलं आणि दुकानाचं कार्ड दिलं. म्हणजे फेरी अगदीच वाया गेली नाही.

१८ मार्च
मेव्हण्याने मेसेज केला की स्टेटमेंट घरबसल्या मोबाइलवर दिसतं. मला माहीत होतंच. पासवर्ड तीनदा चुकला आणि खातं लॉक झालं. आपल्या बँकेची सुरक्षा उत्तम आहे.

२१ मार्च, शनिवार
आज दुकानात कमाल केली. एक बाई डबल बेड बघत होत्या. हप्ता वगैरे ठीक आहे, सगळे मिळून किती जातील ते सांगा, असं एकच धरून बसल्या. आमच्या धंद्यातला पहिला नियम म्हणजे एकूण आकडा तोंडातून काढायचा नाही, दिवसाचा काढायचा. मी म्हणालो, ताई, दिवसाला फक्त पंचावन्न. एवढ्यात तर रिक्षासुद्धा गल्लीबाहेर पडत नाही. बाई तरी ढिम्म. स्वतः कॅल्क्युलेटर काढला, गुणाकार केला आणि निघून गेल्या.
अशा माणसांना आयुष्यात कशाचाच आनंद घेता येत नाही. मालक मात्र मलाच बोलले.

२५ मार्च
अर्जाला जोडायला कागद शोधताना बँकेचं तीन वर्षांपूर्वीचं पत्र सापडलं. व्याजाचा दर नऊवरून दहा टक्के केला आहे, पण आपला हप्ता तोच राहील. आठवलं! तेव्हा केक आणला होता मी. साऱ्या जगाचे हप्ते वाढले असतील, माझा नाही वाढला. बँकेलाही माणसं कळतात.
खाली बारीक अक्षरात आणखी दोन ओळी आहेत. चष्मा दुकानात राहिलाय.

३० मार्च, सोमवार, ११.२०
टोकन १२. लवकर गेलो होतो.
कर्जाच्या टेबलावर एक मॅडम. अर्ज शांतपणे वाचला, मधुर संबंधांपाशी थोड्या हसल्या. मग कॉम्प्युटरकडे बघून म्हणाल्या की काका, तुमचं मुद्दल छत्तीस लाख सत्त्याहत्तर हजार बाकी आहे.
मी म्हणालो, दुसऱ्या कुणाचं तरी उघडलंय.
माझंच होतं.

३० मार्च, ११.५० (बँकेबाहेर, बाकावर)
मॅडमनी काय सांगितलं ते लिहून ठेवतो, म्हणजे नीट तक्रार करता येईल. त्यांचं म्हणणं, हप्त्यातून बँक आधी व्याज घेते आणि मग उरेल ते मुद्दलात जातं. पहिल्या महिन्याच्या ३५,९८९ मधले तीस हजार व्याज होतं. मुद्दलात गेले फक्त ५,९८९. दर वाढल्यावर तर चार हजारसुद्धा जाईनात. पाच वर्षांत दिले साडेएकवीस लाख, कर्ज कमी झालं सव्वातीन लाख.
मी म्हणालो, पण आमच्या दुकानात सहा हप्ते झाले की सोफा निम्मा फिटतो. त्या म्हणाल्या की तुम्ही व्याज आधीच सोफ्याच्या किमतीत घालत असाल. हे त्यांना कसं कळलं कोण जाणे.
आणि ते पत्र. हप्ता तोच ठेवला कारण मुदत वाढवली, असं त्या बारीक ओळींत लिहिलं होतं. साठ हप्ते भरल्यावर आता बाकी आहेत दोनशे तीस. सुरुवातीला होते दोनशे चाळीस. पाच वर्षं भरून दहा महिने कमी झाले.
आज मी सेहेचाळीस. शेवटचा हप्ता पासष्टाव्या वर्षी. दुकानात साठनंतर ठेवत नाहीत.

३० मार्च, दुपारी
बँकेचा कॉम्प्युटर बिघडलेला असणार. स्वतः हिशेब करायचा ठरवलं.

३१ मार्च
केला. चार वेळा केला, एकदा मालकांच्या कॅल्क्युलेटरवर. तेच येतंय. असंच चालू राहिलं तर चाळीस लाखांचे एकूण एक कोटी चार लाख जाणार. एकूण आकडा पाच वर्षांत एकदाही काढला नव्हता मी.
दिवसाला काढून बघितला. दिवसाला बाराशे. त्यानेही बरं वाटलं नाही.
हिला आज सांगतो.

१ एप्रिल
आज सांगितलं तर तिला चेष्टा वाटेल. उद्या.

२ एप्रिल
चहा पिताना ही हसत हसत सांगत होती की लॅबचे डॉक्टर मागे लागलेत. राजीनामा मागे घ्या, शनिवारपर्यंत थांबतो, नाहीतर एक मुलगी बघून ठेवलीय, असं म्हणाले. हिने माझ्याकडे बघितलं. थांबू का आणखी एखादं वर्ष, असं विचारलं.
हीच वेळ होती. तोंड उघडलं आणि त्यातून आलं की मी आहे ना, तू सुटलीस आता.
मी असं का म्हणालो ते मला कळलेलं नाही. ती इतकी खूश झाली की उठून आतून बिस्किटं घेऊन आली.

३ एप्रिल
वेगळे मार्ग: १) पगारवाढ मागणे. २) रविवारी मेव्हण्याच्या ऑफिसात काहीतरी बघणे (नको). ३) मॅडम म्हणाल्या होत्या की महिन्याला तीन हजार जास्त भरले तर चव्वेचाळीस महिने कमी होतील. तीन हजारांत चव्वेचाळीस महिने! हे सोपं आहे. फक्त तीन हजार कुठून आणायचे ते बघायचं. आणि हिचे सव्वीस हजार.

४ एप्रिल, शनिवार
मालकांकडे पगारवाढ मागितली. त्यांनी मला समजावलं की पगार महिन्याचा बघू नकोस, वर्षाचा बघ, केवढा मोठा दिसतो. माणूस हुशार आहे.
लॅबच्या डॉक्टरांनी त्या मुलीला घेतलं. हिनेच सांगितलं. मुलगी चुणचुणीत आहे म्हणे, हात हलका आहे.

९ एप्रिल
हिचा शेवटचा दिवस. लॅबमधल्यांनी पाय शेकायचं मशीन दिलं. सगळे रडले, असं सांगत होती. संध्याकाळभर त्यात पाय बुडवून बसली होती आणि उद्या कितीला उठायचं ते उठल्यावर ठरवणार म्हणाली. मी पाणी गरम करून आणून देत होतो. तुम्ही किती करता हो, असं म्हणाली.
गोळी घेऊन झोपतो. डोकं दुखतंय.

१० एप्रिल
मेव्हणा मुद्दाम दुकानात आला. ताईला सोमवारपर्यंत तुम्ही सांगा, नाहीतर मी सांगतो, एवढंच बोलला. पॉइंटनंतर काही नाही. त्याला कसं कळलं ते विचारलं, तर म्हणाला की मला सहा तारखेलाच कळलं होतं, मार्चच्या. फोनवर विचारलं तेव्हाच.
कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसायला सांगितलं त्याला. किंमत न बघता बसला.

१३ एप्रिल, सोमवार, संध्याकाळ
सांगितलं. आधी मशीनमध्ये पाणी भरून दिलं आणि मग सगळं सांगितलं. छत्तीस लाख सत्त्याहत्तर हजार, दोनशे तीस हप्ते, पासष्टावं वर्ष, सगळं. कार्ड दाखवलं नाही.
ती ओरडली नाही. ओरडली असती तर बरं झालं असतं. फक्त एकच विचारलं, तुम्हाला हे कधी कळलं?
आजच, असं सांगायचं होतं. तीस मार्च, असं सांगितलं.
ती बोटांवर काहीतरी मोजायला लागली. मला वाटलं पैसे मोजतेय. ती तीस मार्चपासून त्या शनिवारपर्यंतचे दिवस मोजत होती. सहा झाले. मग पाय पुसले आणि आत गेली.
मला फार लाज वाटली. हे दुसऱ्या कुठल्या शब्दात लिहिता येत नाही.

१४ एप्रिल
ही सकाळी लॅबमध्ये जाऊन आली. तिची जागा गेलीच. सकाळची पाळी रिकामी आहे, साडेसहाची, अठरा हजारांवर. रिपोर्ट आठला लागतात म्हणून तेवढ्या लवकर. तिने हो म्हटलं.
घरी आल्यावर वही घेऊन बसली. रविवारी दुकान उघडं असतं ना, असं विचारलं. असतं, म्हणालो. मग आता तुम्ही रविवारीही जायचं, असं तिने वहीत लिहिलं. तीन हजार जादा हप्त्याचे, तेही लिहिले. अक्षर छान आहे तिचं. हिशेब पहिल्या फटक्यात बरोबर आला.

१५ एप्रिल
संकल्प: रोज तिला स्कूटरवर लॅबमध्ये सोडायचं. तिने नको म्हटलं नाही. हो पण म्हटलं नाही.

२० एप्रिल, सकाळी ६.४०
आज पहिला दिवस. साडेपाचला उठलो, चहा मी केला. गेटपाशी उतरली तेव्हा डबा घेतला का विचारलं, घेतला म्हणाली.
लॅब पहिल्या मजल्यावर आहे. लिफ्ट आठला चालू होते, हे मला आज कळलं. जिना रस्त्यावरून दिसतो. सतरा वर्षांत मी इथे कधी आलोच नव्हतो. ती कठडा धरून एकेक पाय वर घेते, आधी उजवा, मग त्याच पायरीवर डावा. चार पायऱ्या झाल्या की थांबते.
चोवीस पायऱ्या आहेत. ती पाच वेळा थांबली. आत गेल्यावरही मी थोडा वेळ तिथेच उभा होतो.