आदर्श भगिनीची सही

बिबवेवाडी, पुणे
११ मार्च

ती. तुळजाअक्का हिस धाकट्या कौशल्येचा नमस्कार.

तुझे गुडघे कसे आहेत? माझे बरे आहेत. रक्तदाब मात्र आपल्या बंधुराजांच्या ताब्यात आहे.

परवा सोमवारी संपतने गावात महिला दिनाचा 'माहेरवाशीण सन्मान' ठेवला होता. (महिला दिन रविवारी होता. त्याने तो सोमवारी का केला, ते मला दुपारी कळलं.) हिंजवडीच्या कंपन्या बांधाला येऊन टेकल्यापासून आपल्या गावात सन्मान फार वाढलेत. फलकावर त्याचा फोटो दाराएवढा, माझा पोस्टाच्या तिकिटाएवढा. "माझ्या घरात ल्योक आणि लेक एकच हाय," असं माइकवर तीनदा म्हणाला. मला 'आदर्श भगिनी' अशी ढाल दिली, वर पैठणी. मी मूर्ख, मला भरून आलं. आई गेल्यापासून त्या दारात मला कुणी खुर्चीसुद्धा दिली नव्हती.

मग "ताई, पाच मिन्टाचं काम हाय," म्हणून गाडीत घातलं ते थेट निबंधक कचेरीत. (रविवारी ती बंद असते.) पुढे आलं हक्कसोडपत्र. वडिलांच्या जमिनीतला वाटा मी 'बंधुप्रेमापोटी, स्वखुशीने' सोडते म्हणे. मी पर्समधून चष्मा काढला.

"वाचतीस कशाला? भावावर इश्वास न्हाय व्हय?"

अक्का, प्रगतिपुस्तकावर न वाचता सही करणाऱ्या पालकांना मी तीस वर्षं शाळेत झापलंय. चारही पानं वाचली, शुद्धलेखनाच्या नऊ चुका पेन्सिलीने खुणावल्या. साहेबांनी विचारलं, "बाई, स्वखुशीने देताय ना?"

"खुशी यांची आहे, साहेब. माझी नुसती सही मागताहेत."

साहेबांनी कागद परत केला. बाहेर येऊन संपत एवढंच म्हणाला, "माहेर तुटलं समज," आणि गाडी घेऊन गेला. मी ढाल काखेत मारून बसने घरी आले. खोटं कशाला सांगू, बसमध्ये रडले. साठीच्या बाईला माहेर कशाला लागतं, देव जाणे.

तुझी,
कौशल्या

ता. क. : शुक्रवारी तो सासवडला तुझ्याकडे येणार आहे. तुलाही आदर्श करेल. चहा पाज, पैठणी ठेवून घे आणि सहीचं निघालं की हात आखडलाय म्हण.

ता. क. २ : खरं काम असं. मी एक वकीलबाई गाठली आहे. सातबाऱ्यावर आपल्या दोघींची नावं लावायची आहेत. आधारची झेरॉक्स पाठव. दाजींना विचारू नकोस. अर्ज झाला की मग त्यांना सांग.