उंच पाइन आणि पिंतोचा खडक

हित्रा बेट, नॉर्वे
३ एप्रिल

प्रिय साबेलाताईस,

सा. न. वि. वि. फोनवर बाबा आणि मी भांडतोच, म्हणून कागद घेतलाय. शाळा अर्ध्यात सोडलेल्याचं अक्षर आहे, हसू नकोस.

इथं सॅल्मन माशांच्या जाळीच्या हौदात काय सोडतात सांगू? आपलेच पिंतो आणि मारागोता मासे! सॅल्मनच्या अंगावरच्या उवा वेचून खायच्या, एवढंच काम. बाबा ज्यांना कांद्याबरोबर भट्टीत घालतो, ते इथं सरकारी जावई. दडून झोपायला त्यांना प्लास्टिकचं शेवाळ टांगलंय. हिरवे, विटकरी, लाल अंगावर पांढरे ठिपके. सगळे माझ्याकडे बघतात, गावाकडचं कुणी आलं का म्हणून.

आमची मुकादम तुरिदबाई म्हणते, पिंतो आणि मारागोता एकच मासा. आणि जन्मतात त्या सगळ्या माद्याच. काही वाढून नर होतात आणि खडक राखतात. बाबाला सांग, पण हाताशी काठी नसताना.

बाबाचा दुखावलेला हात कसा आहे? मी परत येणार नाही, ताई. बाबासारखं वर्षानुवर्षं मासे धरायला त्याच एका खडकावर जायचं म्हटलं की माझे तळपाय खाजतात. रागवू नकोस. लोभाची भरती ओसरू देऊ नकोस.

तुझा आमारो


कोर्मे
२६ एप्रिल

चि. आमारो यास,

अ. उ. आ. तुझ्या तुरिदबाईचं म्हणणं बाबांना सांगितलं. म्हणाले, चाळीस वर्षं मारागोता सोलतोय, मला ती कधी असं बोलली नाही. उजवी मूठ अजून वळत नाही, कालदोचं सूपसुद्धा डाव्या हातानं पितात. दिवसभर खिडकीत बसून कुठली बोट कुठं चुकली ते मला ऐकवतात.

तू येत नाहीस म्हटल्यावर त्यांनी धक्क्यावरच्या सिब्रानला शब्द दिला: २३ जूनला सान शोआनच्या होळ्या पेटल्या की आपली बोट त्याची. मी म्हटलं, मी चालवते. मासे धरायचे पिंजरे मीच दुरुस्त करते ना? तर म्हणाले, खडकाच्या खुणा बापानं मुलाला सांगायच्या, त्याही समुद्रावर. मुलीला सांगितल्याचं कोर्म्यात कुणी ऐकलं नाही.

चार वेळा पहाटे एकटीच जाऊन आले. करंगळीएवढ्या पिल्लांपलीकडे काही मिळालं नाही. खडक सापडला नाही तर बोट राहत नाही, आणि बोट गेली की मी पुन्हा कारखान्यात डब्यांत शिंपले भरणार. बाबांनी तुला शपथ घातलीय, म्हणून खुणा मागत नाही. नुसतं कळवलं.

अंगात लोकर घाल. माया आहे तशीच आहे, तू ती जपावीस.

साबेला


हित्रा
१४ मे

प्रिय ताई,

सा. न. वि. वि. नुसतं कळवलंस होय! लहानपणीही तू नुसती बघत उभी राहायचीस, आणि माझा पाव तुझ्या पोटात.

चौदाव्या वर्षी बाबानं मला बोटीत उभं करून शपथ घातली होती, की खूण कागदावर गेली की मासा जातो. आठ दिवस विचार केला. मी इथं बसून ती खूण राखतोय, ती कुणासाठी? खडक तिथं, मी इथं.

तर वाच. बोटीतून बघताना चर्चचं घंटाघर डोंगरावरच्या सगळ्यात उंच पाइनच्या बरोबर मागे आण. तसंच धरून पुढे जा, दीपगृह टोकामागून जरासं डोकावेपर्यंत. तिथं पिंजरे सोड. कागद चुलीत घाल.

बाबाला कळलं तर मी मेलो. तू तरी लोभ धर.

आमारो


कोर्मे
२५ जून

चि. आमारोस,

आशीर्वाद मागाहून, आधी शिव्या. हे मी, तुझा बाप, सांगतोय, साबेला लिहितेय. (शिव्या अर्ध्याच लिहितेय. – सा.)

गधड्या, तो उंच पाइन तू गेलास त्याच हिवाळ्यात वादळात पडला. आता सगळ्यात उंच दिसतो तो त्याच्या शेजारचा. डोंगरावर एवढी झाडी, लक्षात कुणाच्या येतंय? मी आपला सवयीनं जात होतो.

परवा सकाळी खिडकीतून पाहतो तर आपली बोट लाटा फुटतात त्या उथळावर सरकतेय. एवढ्यावरून कळलं, तू लिहिलंस, काय लिहिलंस, आणि पोरगी कुठला पाइन धरून चाललीय. सपाता घालूनच धक्क्यावर पळालो, सिब्रानच्या बोटीत उडी घेतली, ओरडून घसा बसवला. दोन पिंजरे गेले, तळाला खरचटलं. पोरगी धड आहे.

मग मीच तिच्या बोटीत चढलो. खडक दाखवणं भागच होतं, नाहीतर उद्या पुन्हा त्या उथळावर गेली असती. जुनी खूण उरली नव्हती. नवी तिनं शोधली, माझ्या जुन्या खुणेपेक्षा नेमकी. अकरा मासे आले. त्यातला एक म्हातारा पिंतो, हातभर लांब. तो तिनं परत सोडला. म्हणाली, खडक राखायला कुणीतरी हवं. मी डाव्या हातानं दोर गुंडाळायला घेतला. (बाबा रडले. – सा.) (खोटं आहे, हेही लिही म्हणताहेत. – सा.)

संध्याकाळी होळ्या पेटल्या आणि सिब्रान बोट मागायला आला. त्याला म्हटलं, आलास तसा सगळ्यांसारखी होळीवरून उडी मार आणि घरी जा.

तुझा राग गेलेला नाही. पण लोभ आहे, तो कुठं जाणार.

नवी खूण तुला लिहिणार नाही. कागदावर गेली की मासा जातो. पाहायची असेल तर ये. बोटीत चढताना मात्र मला विचारू नकोस, तिला विचार.

तुझा बाप