कापलेली वीस मिनिटं

प्रिय चौकशीबाई,

बाबांनी ठेवलेलं हे नाव तू काल खरं केलंस. तुझी फिल्म बघून आल्यापासून मी नुसती मिरवतेय. बॅटरीच्या कारखान्यातलं शिसं माणसांच्या अंगात कसं शिरतं, हे तीन वर्षं दारोदार हिंडून तू शोधलंस, आणि मी आपली पोरगी वेळेवर जेवते की नाही याच काळजीत. तो गोडबोल्या मॅनेजर सगळं सुरक्षित आहे म्हणाला, तेव्हा तू पुढे काहीच विचारलं नाहीस, नुसती बघत राहिलीस. मग त्यालाच राहवेना आणि भडाभडा सगळं ओकला. तुला गप्प बसता येतं, हे मला तुझ्या चाळिसाव्या वर्षी कळलं! बाबा असते तर गल्लीभर सांगत सुटले असते. कालचा खेळ चाचणीचा होता, फिल्म पक्की व्हायला अजून आठवडा आहे म्हणालीस, म्हणून घाईने लिहितेय. फोनवर तू मला बोलू देत नाहीस.

धाकटा बरा आहे. रोपवाटिकेत त्याचं छान चाललंय. कुंड्या भरतो, पाणी घालतो, एकच गोष्ट तीनदा विचारतो आणि मालकीणबाई न कंटाळता तीनदा सांगतात. काल तो माझ्या शेजारीच बसला होता. बाहेर पडताना म्हणाला, "ताईनं आईला एवढुसंच दाखवलं." त्याला सगळं उशिरा कळतं म्हणतात, पण हे त्यालाच कळलं.

तुझ्या कॅमेऱ्यासमोर मी वीस मिनिटं बोलले होते. पडद्यावर मी नुसत्या कपड्यांच्या घड्या घालतेय. लांबी वाढत होती, म्हणालीस. हे कारण त्या मॅनेजरच्या तोंडी शोभलं असतं. मला वाचवायला गेलीस, ते कळतं गं. बाबांचे कारखान्यातले कपडे मी रोज भिजवण्याआधी झटकायचे. गॅलरीत झटकले तर खालच्या बाईंच्या वाळत घातलेल्या कपड्यांवर धूळ पडायची, म्हणून स्वयंपाकघरात, दार लावून. वर फरशी पुसायचे, मोठी नीटनेटकी ना मी! त्याच फरशीवर धाकटा रांगायला शिकला. तो सहा वर्षांचा असताना रक्तात शिसं निघालं आणि डॉक्टरांनी विचारलं, नवऱ्याचे कपडे कुठे धुता? तेव्हा कुठे मला कळलं. बाबांना मी हे शेवटपर्यंत सांगितलं नाही. तुलाही कॅमेऱ्याकडे बघत सांगितलं, तुझ्याकडे बघून जमलं नसतं.

काल फिल्म संपल्यावर खालच्या मजल्यावरची नवी सून भेटली. कडेवर बाळ, नवरा त्याच कारखान्यात. हळूच म्हणाली, "काकू, ते कपड्यांतूनही येतं का हो?" तुझ्या फिल्ममध्ये हवा आहे, पाणी आहे, कपडे नाहीत. मी तिला सगळं सांगितलं, पण अशा किती जणींच्या दारात मी जाणार? तुझी फिल्म जाईल. लोक मला नावं ठेवतील, ठेवू देत. मला तेव्हा कुणी सांगितलं नव्हतं, या बायकांना सांगता येईल. तो भाग परत घाल. मधे मी रडलेय, ते हवं तर काप. झटकणं कापू नकोस.

तुझीच, आणि धाकट्याचीही,
आई