पुलाच्या आड अक्काची केस

आमदार निवास, बेंगळुरू

ती. शोभाअक्कास,

धाकट्या बुद्धरत्नचा जयभीम. मी इथे मजेत आहे. नाल्यात घसरून मुरगळलेला तुझा पाय कसा आहे? हळदीचा लेप लावत असशील, पण दवाखान्यातही दाखव. (आमदाराची बहीण म्हणून रांगेत पुढे घुसू नकोस. घुसणार नाहीस हे माहीत आहे, पण मी आता सगळ्यांनाच उपदेश करतो.)

इथे तिन्ही त्रिकाळ भात मिळतो. ज्वारीची भाकरी सोडली तर कशाची कमी नाही. अंगात काळा कोट नसल्यामुळे पहिले आठ दिवस मला उघड्यानेच फिरतोय असं वाटायचं. वीस वर्षांच्या वकिलीची खोड जाता जात नाही. पहिल्याच दिवशी अध्यक्षांनी बोलायला सांगितलं, मला कागद सापडेना, आणि मी पुढची तारीख मागितली. सभागृह पोट धरून हसलं. माझी आपल्या सीमेवरच्या औरादची कन्नड ऐकून शेजारचे आमदार हळूच विचारतात, की मी मधूनमधून मराठी बोलतो का. (बोलतो.)

खरी फजिती परवा झाली. चिंताकीजवळच्या आपल्या वस्तीला नाल्यावर पूल कधी होणार, असा प्रश्न मी विचारला. मंत्री म्हणाले, बाब न्यायप्रविष्ट आहे, निकाल लागेपर्यंत सरकारला काही करता येत नाही. मग त्यांनी कागदावरून वाचलं, अर्जदार शोभाबाई, वकील बुद्धरत्न. आपलं नाव कानावर पडताच मी बाक वाजवला. एकट्यानेच. पूल व्हावा म्हणून अकरा वर्षांपूर्वी तुझ्या नावाने मीच घातलेली केस आता पुलाच्या आड आली आहे. (तिच्यात 'या भागाचे आमदार झोपलेले आहेत' असंही मीच लिहिलंय. भाषा बरी जमली होती.)

नंतर त्या मंत्र्यांच्या खात्यातले एक अधिकारी म्हणाले, केस काढून घ्या, आठ दिवसांत कामाचा आदेश काढतो. म्हणून तुला फोन केला, तर तू म्हणालीस, "आमदाराच्या तोंडच्या बोलन्यावर केस काढायची न्हाई, असं तूच सांगितलास न्हवं? आता तू आमदार झालास म्हून मी कामून काढू?" आणि फोन ठेवलास.

अक्का, मला राग आला नाही. म्हणजे आला होता, पण जेवणापर्यंत टिकला नाही. अकरा पावसाळे तू पोराबाळांना काखेत घेऊन तो नाला ओलांडतेस, आणि सख्खा भाऊ निवडून आला तरी पाणी गुडघ्याएवढंच आहे. आमदार झाल्याचा मला खरंच आनंद आहे, खोटं कशाला बोलू. पण तू कोरड्या पायांनी पलीकडे गेलीस तरच तो पुरा होईल. तेव्हा एवढा एक डाव धाकट्यावर विश्वास ठेव.

तुझा,
बुद्धरत्न

ता. क. केस काढून घेण्याचा अर्ज सोबत जोडला आहे. फुली केलेल्या जागी सही करून लगेच पाठव.

ता. क. दुसरा. सही करू नकोस. पाकीट चिकटवण्याआधी त्या अधिकाऱ्यांना मी आठ दिवसांचं लिहून मागितलं, तर म्हणाले, लेखी कशाला, मी आहे ना. कामाचा आदेश हातात पडेपर्यंत केस सोडायची नाही. सोळा तारखेला सुनावणी आहे. माझ्या हाताखाली शिकलेली मैत्रेयी आता तुझी वकील म्हणून उभी राहील. सुनावणीच्या कागदात आमदाराबद्दल काय काय लिहिलंय ते तिने मला फोनवर वाचून दाखवलं. त्यातला एक शब्दही कमी करू देऊ नकोस.