सासरवाडीवरून पन्नास किलोमीटर

८ नोव्हें.
पहाटे लोहाऱ्याहून दारव्हा रोडवर सराव. मागून दिग्रसची एसटी आली नि करकचून थांबली. कंडक्टर दारातून, "चढा ना भाऊ लवकर, किती पयता!" पळायलाच निघालोय म्हटलं. अख्खी बस हसली. हसा. गेल्या वर्षी पन्नास किमीच्या शर्यतीतून थकलेल्यांच्या गाडीत बसून परत आलो, तेव्हापासून ऑफिसात हेच चाललंय. यंदा शेवटपर्यंत स्वतःच्या पायांनी. बस्स.

२० नोव्हें.
यंदाचा रस्ता जाहीर. टेकड्या, जंगल, नाला आणि छत्तिसाव्या किमीला चक्क माझी सासरवाडी! सासऱ्यांच्या अंगणाला लागूनच. नियम कडक: खाणंपिणं स्पर्धेच्या स्टॉलवरच, बाहेरच्या कोणाचं घेतलं की बाद. बायकोला म्हटलं, माहेरी बोलू नकोस.
"दारावरून पयत जासान अन् घरात पाय नाही ठेवसान? माही माय काय म्हनन?"
म्हणून तर बोलू नकोस!

११ डिसें.
गुडघा कुरकुरतोय. सौ. माहेरच्यांशी फोनवर बोलत होती, मला पाहून आवाज एकदम खाली. लक्षणं ठीक नाहीत.

२० डिसें.
उद्या शर्यत. टोपी, काळा चष्मा, तोंडाला दुपट्टा. कोणी ओळखलं तर तो मी नव्हेच.

२१ डिसें., रवि.
हात दुखेस्तोवर लिहिणार आज.
छत्तीसपर्यंत मस्त. कपाशीतून खाली उतरलो तर पायवाटेवर आडवी खाट, पलीकडे निम्मं गाव. "जवाईबापू आले!" सासऱ्यांनी दुपट्टा ओढला. "तुमची चाल लग्नातच पाह्यली होती आमी." पाट, रांगोळी, टिळा. सासूबाईंनी पायांवर गरम पाणी ओतलं, बुटांसकट. समोर पुरणपोळी, वर तुपाची धार.
मी रडकुंडीला. "मामाजी, बाहेरच्यांचं खाल्लं तर बाद करतात हो."
"बाहेरचे? आमी बाहेरचे झालो का आता?"
सासूबाई पहाटेपासून चुलीशी होत्या, पदरानं घाम पुसत उभ्या. खरं सांगतो, गलबलून आलं. बसलो. आग्रहाच्या धरून तीन पोळ्या.
पुढे पोटात पुरण, बुटांत पाणी. कच्च्या रस्त्यावर मागे सासरे मोटारसायकलवर, "पया जवाईबापू, पया!" वेळ संपता संपता पोचलो. पायांनी! मेडल गळ्यात पडलं आणि मी ढसाढसा रडलो. सासरे "तुमच्या सासूले दाखवून आनतो" म्हणत मेडल घेऊन गेलेसुद्धा.

२३ डिसें.
आयोजकांचा फोन. गावातल्या कोणीतरी व्हिडिओ टाकलाय. मी पाटावर, तोंडात पोळी. चौकशी होणार, तोवर मेडल जमा करा म्हणाले. मेडल सासूबाईंच्या देव्हाऱ्यात, हळदकुंकू लावून. आता कोणत्या तोंडानं मागू?

२४ डिसें.
सासऱ्यांना धीर करून सांगितलं. ते म्हणाले, "त्याईले म्हना, मेडल न्यायले घरीच या. जेवल्याबिगर नाही सोडत."
आयोजक रविवारी येताहेत. पाच जण. सासूबाईंनी आत्ताच फोन करून विचारलं, त्यांच्यात कोणी जावई आहे का.