चांगोआज्याचा कोंबडा

नाशिक, ९ जानेवारी २००४

ती. ठकूआत्यास,
बुधाचा शि. सा. न. वि. वि.

गुडघा कसा आहे? इकडे माझे काही बरे नाही. पडताळणी समितीने माझा जमातीचा दाखला खोटा ठरवला, खात्याने निलंबित केले, आणि आता फौजदारी खटलाही भरला आहे. खोट्या दाखल्यावर राखीव जागा लाटली असा आरोप. दोन वर्षांची कैद होऊ शकते. गंमत म्हणजे पाठच्या हरीचा दाखला खरा ठरला. एकाच आईबापाचे आम्ही. तो जमातीचा आणि मी तोतया.

रागावू नकोस, पण कारण तू आहेस. समितीच्या मुलाखतीत मला आपल्या लग्नाची चाल विचारली. नवरदेव उखळावर बसून तीनदा कोंबड्यासारखा आरवतो, असे मी सांगितले. साहेब खूश, कारण समितीच्या पुस्तकात पान एकेचाळीसवर तसेच आहे. मग त्यांचा चौकशी अधिकारी वाडीवर आला. त्याला तू कपबशीत चहा दिलास आणि वर सांगितलेस की असले माकडचाळे आमच्यात नाहीत. झाले, भाचा खोटा पडला.

आता सरकारने तुलाच माझ्याविरुद्ध साक्षीला बोलावले आहे. नवरदेव आरवतो, एवढेच म्हण. लोभ आहे तसाच असू दे; साक्षीच्या दिवशी थोडा जास्त.

तुझा,
बुधा


वाडी, १८ जानेवारी

चि. बुधास,
ठकूआत्याचे अनेक आशीर्वाद.

गुडघा तुझ्या पत्राने जास्तच दुखला. अरे, शंभर लग्नांत मी हळद वाटली, एक नवरा आरवला नाही. तूही तिथे पंगतीला पहिला बसायचास. डोळ्यांनी पाहिलेले सोडून पुस्तकातले कशाला सांगितलेस?

आता ऐक, हे मी आजवर कुणाला सांगितलेले नाही. ते पुस्तक लिहिणारा साहेब एक्कावन्न साली आपल्याच ओटीवर आठ दिवस राहिला होता. माझा बा, म्हणजे तुझा चांगोआजा, त्याला चालीरीती सांगायचा आणि साहेब त्याला रोज तंबाखूची पुडी द्यायचा. आठव्या दिवशी सांगण्यासारखे काही उरले नाही, पुडी तर हवी होती. तेव्हा बाने कोंबडा सोडला. मी बारा वर्षांची होते. हसू आवरेना म्हणून गोठ्यात पळाले.

शपथ घेऊन मी थाप मारणार नाही. बाने एक मारली, तेवढी घराण्याला पुरे. भाकरी वेळेवर खात जा आणि आत्यावर रुसायचे तर जेवून रूस.

तुझी आत्या,
ठकू


नाशिक, २ फेब्रुवारी

ती. आत्यास शि. सा. न.

तुझे पत्र वकिलांना दाखवले. ते आधी पोट धरून हसले, मग उठून दार लावून घेतले. म्हणाले, इकडचे कितीतरी दाखले या कोंबड्यावर उभे आहेत. आपला हरी तर मुलाखतीत खुर्चीवर चढून आरवला होता. पुराव्याला फोटो लागतात म्हणून हल्ली लग्नांतही आरवतात. परवा आंबेवाडीत नवरदेव आरवला आणि म्हाताऱ्या बायांनी डोळे पुसले. म्हणजे तू हो म्हटलेस तर ते अगदीच खोटे होणार नाही.

आत्या, मला तुरुंगाची भीती वाटते. फार वाटते. तू एकदा खोटे बोल, म्हणजे मी खरा ठरेन.

तुझ्या लोभावरच जगणारा,
बुधा


वाडी, ११ फेब्रुवारी

चि. बुधास आशीर्वाद.

येते. काय बोलायचे ते तिथे बोलेन. तांदूळ आणते, ते सुनेसाठी. तू पुस्तक खा.

ठकूआत्या


नाशिक, २५ सप्टेंबर

ती. आत्यास शि. सा. न.

सुटलो. साक्षीच्या दिवशी तू पिंजऱ्यात उभी राहून थाप, पुडी, गोठा, सगळे सांगून टाकलेस तेव्हा मी मनातल्या मनात तुझे नाव टाकले होते. माफ कर. न्यायाधीशांनी ते पुस्तक मागवले. शेवटच्या पानावर माहिती देणाऱ्यांची नावे आहेत, त्यात पहिलेच आहे: चांगो, जमातीचा जाणता. सरकारच्याच पुस्तकाने ज्याच्या आज्याला जाणता म्हटले त्याचा नातू जमातीबाहेरचा कसा, असे निकालात लिहिले आहे. दाखला खरा, पुस्तक खोटे. मी सगळ्यांसमोर रडलो.

पण पुस्तक खोटे ठरल्यावर त्यातला कोंबडा सांगून पास झालेल्यांना नोटिसा निघाल्या. हरीला काल आली. तोच आजा त्याचाही, असे मी समितीला निकाल जोडून कळवले. उत्तर आले की तो निकाल माझ्यापुरता. आता मी जमातीचा आणि हरी तोतया. तो तुझ्या साक्षीकडे डोळे लावून बसला आहे. तुझी माया दोघांना पुरवून वापर.

तुझा,
बुधा


वाडी, ४ ऑक्टोबर

चि. बुधास आणि हरीस आशीर्वाद.

येते. हरीला म्हणावे, मागे सांगितले तेच सांगेन. दुसरे माझ्याजवळ नाही.

एक मात्र वकिलांना विचारून ठेव. त्या दिवशी मला नाव विचारले, गाव विचारले, जमात कुणी विचारली नाही. माझ्या शब्दावर तू जमातीचा ठरलास. या खेपेला माझाच दाखला मागितला तर? मी तो कधी काढलेला नाही. काढायला जावे तर साक्षीदार लागेल, आणि माझ्याहून मोठे माणूस वाडीत आता कुणी उरलेले नाही.

तोवर माझ्या सांगण्यावर विश्वास ठेवून लोभ करावा.

तुमची आत्या,
ठकू