'येतो' म्हणून गेलेल्या वडिलांचा तपास पुन्हा सुरू करण्याबाबत

प्रति,
मा. पोलीस निरीक्षक,
पोलीस ठाणे, निंबेवाडी, जि. परभणी.

विषय: वडील परत आल्याची नोंद रद्द करणेबाबत.
संदर्भ: मिसिंग क्र. ७/२०२५, निकाली शेरा दि. ४ ऑगस्ट २०२५.

महोदय,

मी भौतिकशास्त्रात बी.एस्सी. केले असून प्रयोग म्हणून लघुपट करते. माझे वडील सिद्धोधन वाव्हळे (वय ६१) दि. ११ मार्च रोजी चष्म्याची तुटलेली काडी बसवून आणायला गंगाखेडच्या बसने गेले, ते अद्याप परतलेले नाहीत. त्या सकाळी मी थांब्यावर मोबाईलने चित्रण करत होते. वडील पायरी चढताना त्यात आले आहेत. निघताना "जातो" म्हणू नये, म्हणून ते नेहमीप्रमाणे "येतो" म्हणाले.

जूनमध्ये मी ते नऊ सेकंदांचे दृश्य उलटे फिरवून लघुपट केला. उलटे दृश्य वारंवार पाहिल्यास आठवण बदलते का, हे मला तपासायचे होते. उलट्या आवाजातला शब्द कळत नाही, म्हणून आवाज सुलटाच ठेवला. आई सुकेशनी यांना तो मी रोज दाखवला. ही माझी चूक आहे.

दि. ४ ऑगस्टला आपले जमादार चौकशीला घरी आले. आई म्हणाली, "आले की वो. म्या डोळ्यानं पाह्यलं. बघा तुमीच," आणि मोबाईल पुढे केला. जमादारांनी शेरा लिहिला: "सदर इसम 'येतो' असे म्हणत बसमधून उतरताना दिसून आला. मिसिंग निकाली." मी हरकत घेतली, तेव्हा ते म्हणाले, "ताई, वडील 'येतो' म्हणायलेत अन् लेक न्हाई म्हणती. आमी कोणाचं लिहावं?"

त्यांची फसगत स्वाभाविक आहे. आपल्या थांब्यावर बस नेहमी मागे घेऊनच लावतात, आणि गुडघेदुखीमुळे वडीलही दांडी धरून पाठमोरेच उतरतात. परंतु कृपया दोन गोष्टी पाहाव्यात. (अ) लघुपटात बसचा धूर नळीतून निघत नाही, नळीत शिरतो. (आ) चष्म्याची काडी निळ्या दोऱ्याने बांधलेली आहे. काडी बसवून परतलेल्या माणसाच्या चष्म्याला दोरा नसता.

आई आता मला शोधायला बाहेर पडू देत नाही. "आलेल्या मानसाला काय हुडकायलीस," म्हणते.

तरी तपास पुन्हा सुरू करावा व माझा जबाब याच आठवड्यात नोंदवून घ्यावा. पुढे तो उपयोगाचा राहील याची मला खात्री नाही. परवापासून मलाही वडील उतरतानाच आठवतात. दोरा तेवढा अजून आठवतो.

आपल्या बोलावण्याची वाट पाहणारी,
संघप्रिया सिद्धोधन वाव्हळे
दि. १८ ऑगस्ट २०२५

सोबत: १. मूळ चित्रण, पेन ड्राइव्हमध्ये (वडील चढताना). २. वडिलांचा फोटो, चष्म्यासह.